चोपन्न मिंकांचा कोट

१

गुरुवारी सकाळी डेक्लननं कोट टांगायच्या काळ्या पिशवीची चेन खाली ओढली, आणि कोट निघाला तो भलताच. आत असायला हवा होता त्याच्या आजीचा, मिंक नावाच्या प्राण्याच्या फरचा कोट, साठ वर्षांपूर्वीचा. निघाला एक जुनाट, बुरसटलेला, पुरुषी लोकरी ओव्हरकोट. गळ्यापर्यंत बटणं लावलेला आणि खांद्यांत कागद कोंबून फुगवलेला.

हे सगळं मी स्वतः पाहिलं, कारण पिशवी खाली उतरवायला हात लावायला मलाच बोलावलं होतं. नोरीन आमची शेजारीण. डून लेरी या आयरिश बंदराच्या गावात समुद्रासमोर तिचं घर आणि तिच्या भिंतीला भिंत लावून आमच्या संकेतचं. मी आणि पद्मजा, म्हणजे माझी बायको, लेकाकडे तीन महिने राहायला आलो होतो. नोरीन चौऱ्याहत्तर वर्षांची, एकटी आणि ताठ. मला ती रवी म्हणायची आणि आमच्याकडे रोज चारला चहाला यायची.

डेक्लन तिचा भाचा, राहायला मलिंगार गावी. तिथल्या एका छोट्या संग्रहालयात शनिवारी प्रदर्शन उघडणार होतं. या देशात फरसाठी प्राणी पाळायला दोन-तीन वर्षांपूर्वी कायद्यानं बंदी आली, त्या धंद्याच्या शेवटाबद्दलचं. नोरीनच्या वडिलांचा मिंक फार्म मलिंगारजवळच्या एका तळ्याकाठी होता. त्यांच्याच जनावरांचा कोट त्यांनी बायकोसाठी शिवून घेतला होता, आणि प्रदर्शनाच्या मधोमध तोच लागायचा होता.

डेक्लननं ओव्हरकोटाकडे पाहिलं, मग माझ्याकडे, मग दारात उभ्या असलेल्या रेवतीकडे.

रेवती मूळची नागपूरची. इथल्या विद्यापीठात वन्यजीवांवर संशोधन करते आणि आठवड्यातले चार दिवस दोन-दोन तास नोरीनची कामं करून हातखर्च भागवते. एका एजन्सीमार्फत तिला हे काम मिळालेलं. घराची किल्ली नोरीनखेरीज फक्त तिच्याकडे होती.

डेक्लन आरडाओरडा करणारा माणूस नाही, आणि तेच वाईट होतं. शनिवारी दहाला मी गाडी घेऊन येतो, तो शांतपणे म्हणाला, तोवर कोट जागेवर दिसला तर ग्रँड, नाहीतर मी एजन्सीला आणि गार्डांना कळवतो. गार्डा म्हणजे इथले पोलीस. रेवतीवर तक्रार गेली की काम जाणार, आणि चारित्र्याच्या दाखल्यावर एकदा डाग पडला की पुढे इथे तिला कोण उभं करणार होतं?

नोरीन खिडकीत बसली होती. बाहेरच्या धक्क्याकडे बघत होती आणि एक शब्दही बोलली नाही.

२

पद्मजा पुण्याच्या एका संग्रहालयात तीस वर्षं जुन्या कापडांची देखभाल करायची. पेशवाई शेले, जरीच्या अंगरख्यांच्या चिंध्या, कसर लागलेल्या शाली. माझ्या सदऱ्यावरचा डाग बघून मी कोणत्या हॉटेलात काय खाल्लं हे ती सांगते. निवृत्तीनंतर या विद्येचा त्रास एकट्या मला होतो.

सोमवारी कोट कसा आहे ते बघायला नोरीननं तिला बोलावलं होतं. मी गेलो नाही, मॅच होती. परत आली ती इतकी गप्प, की मी टीव्ही बंद केला.

कोटाचं अस्तर खाली उसवलं होतं, तिथून तिनं आत पाहिलं होतं. मिंक हा मुंगसाएवढा प्राणी, त्याचं कातडं हातभर. तो गळ्यापासून पोटरीपर्यंत कसा पुरणार? म्हणून कारागीर प्रत्येक कातडं अर्ध्या-अर्ध्या सेंटिमीटरच्या तिरप्या पट्ट्यांत कापतो, प्रत्येक पट्टी किंचित सरकवतो आणि पुन्हा शिवतो. सरकता सरकता ते लहानसं जनावर गळ्यापासून काठापर्यंत पोहोचतं. एका कोटात हजारो टाके, आणि बाहेरून एकही दिसत नाही.

"मी आयुष्यभर हातांची कामं बघत आले हो," ती म्हणाली. "असं काम पाहिलं नाही. आणि त्यात चोपन्न जीव आहेत. हात जोडावेत की हात धुवावेत, तेच कळेना."

सबंध संध्याकाळ माझ्या डोळ्यांसमोर एकच आकडा होता, चोपन्न.

मंगळवारी ती नेहमीच्या सुरात परतली. मी धक्क्यावरून फिरून आलो, तर माझ्या स्वेटरच्या छातीवरून तिनं चिमटीनं दोन-तीन तपकिरी केस उचलले आणि विचारलं, आज कुठल्या कुत्र्याला कवटाळलंत? स्वेटर सकाळीच मशीनमधून निघाला होता. धक्क्यावर कुत्री चिक्कार, त्यामुळे मी कबूल करून टाकलं. शिवाय मला एक दुसरी गोष्ट लपवायची होती. सामानाचं वजन वाढतं म्हणून नव्या भेटवस्तू घ्यायला घरात बंदी होती, आणि मी नुकतीच एक घेऊन बसलो होतो.

ते केस तिनं कागदाच्या घडीत ठेवले होते हे मला माहीत नव्हतं. सवय आहे तिची, काहीही फेकत नाही.

३

गुरुवारी दुपारी रेवती आमच्याकडे आली. सूनबाई, मुक्ता, घरूनच काम करत होती, तिनं चहा टाकला. पोरगी रडली नाही. कप हातात धरून नुसती बसली.

"काकू, मी मिंक पकडते म्हणून इफा मला खुनी म्हणते," ती म्हणाली. "आता तिचे बाबा चोर म्हणतात. एकाच घरातून किती डिग्र्या घ्यायच्या?"

इफा म्हणजे डेक्लनची मुलगी. कॉलेजात शिकते, फरविरोधी मोर्च्यांत पुढे असते. तिचं आणि रेवतीचं हाडवैर पडायचं कारण रेवतीचा अभ्यास. मिंक या देशातला नाही, तो अमेरिकेतून पिंजऱ्यांत आला. फार्ममधून सुटलेल्यांनी नद्या-तळी धरली. तो पट्टीचा पोहणारा, त्यामुळे बेटावर जमिनीत घरटं करणाऱ्या पक्ष्यांना त्याच्यापासून सुटका नाही. रेवती तळ्यात झाकणाचे तराफे सोडते, आत ओल्या मातीचा थर असतो, त्यावर पाऊल उमटलं की पिंजरा लावते. पिंजऱ्यात सापडलेला मिंक पुन्हा सोडत नाहीत.

"मग त्याचं काय करतात?" मी विचारलं.

"मारतात, काका. मला आवडतं असं वाटतं का तुम्हाला? पण त्याच्यासाठी एक बेट रिकामं ठेवायचं का?"

मी तिच्या कपात आणखी थोडा चहा ओतला.

पद्मजानं तिला दोनच प्रश्न विचारले. कोट शेवटचा कधी पाहिलास? सोमवारी, तुमच्याबरोबरच. आणि या आठवड्यात जाताना तुझ्याकडे काय होतं? लॅपटॉपची सॅक, रोजचीच, डार्टनं, म्हणजे इथल्या लोकल गाडीनं, येते-जाते.

डेक्लन अजून गेला नव्हता. पद्मजा मला घेऊन त्याच्याकडे गेली आणि अगदी गोड आवाजात बोलायला लागली. ती गोड बोलायला लागली की मी सावध होतो. डेक्लननं काही लपवलं नाही. त्याच्या म्हणण्याप्रमाणे हा कोट नवा होता तेव्हा त्या किमतीत मलिंगारला लहानसं घर आलं असतं. आज धर्मादाय दुकानंही फर फुकट घेत नाहीत. तरी परदेशात गिऱ्हाईक आहे आणि ते मी शोधलं होतं, तो म्हणाला. आत्या नको म्हणाली, विषय संपला. मला तो विकायचाच असता तर चोरी झाल्याची बोंब मी कशाला मारली असती?

इफाशी फोनवर बोलणं झालं. ती म्हणाली, कोट जाळावा असं मला वाटायचं, पण आता तो लोकांनी बघायला हवा. पिंजऱ्याशेजारी ठेवा, लोक आपोआप मोजतील. प्रदर्शनाचं भित्तिपत्रक मीच केलंय.

निघता निघता पद्मजानं तो ओव्हरकोट मागितला. नाकाशी धरला, उलटा केला, त्याच्या पाठीवरून बोट फिरवलं. मग नोरीनजवळ बसून तिचा हात हातात घेतला आणि जरा वेळानं आम्ही निघालो. दारात मी विचारलं, काही कळलं का?

"चोर घराबाहेरचा नाही," ती म्हणाली. "आणि घरातला म्हणावं तर रेवती नाही."

४

शुक्रवारी सकाळी मला समोर बसवून तिनं एकेक धागा सोडवला.

मिंकचा कोट गुंडाळला तरी लोडाएवढा होतो, लॅपटॉपच्या सॅकमध्ये मावत नाही. हा झाला पहिला धागा. दुसरा ओव्हरकोटाचा. त्याला डांबरगोळ्यांचा वास होता आणि पाठीवर चार घड्यांच्या खोल रेघा. टांगलेल्या कोटाला अशा रेघा पडत नाहीत. तो वर्षानुवर्षं पेटीत पडून होता. नोरीनच्या घरात पेटी एकच, वडिलांची, आणि तिची किल्ली क्रूसाशेजारी नोरीनच्याच गळ्यात. शिवाय खांद्यांत कागद भरण्याइतकी सवड चोराला नसते. ज्यानं हे केलं त्याला पिशवी न उघडता मलिंगारला जायला हवी होती.

"नोरीननंच?" मी म्हणालो. "स्वतःचाच कोट? तिला द्यायचा नसता तर नाही म्हणाली असती. तिला कोण अडवणार होतं?"

"तेच मला कळत नव्हतं. पण काल तिच्याजवळ बसले ना, तेव्हा टेबलावर ती पाटी पाहिली."

प्रदर्शनात कोटाशेजारी लावायच्या पाटीचा छापील नमुना सोमवारी टपालानं आला होता. तेव्हा तो कोरा करकरीत होता. गुरुवारी त्यातल्या एका ओळीखाली पेन्सिलची रेघ होती, इतकी दाबून ओढलेली की कागद फाटला होता. ती ओळ अशी: "१९६३ साली मार्टिन नावाच्या नोकराच्या हलगर्जीपणामुळे पिंजरे उघडे राहिले आणि सहाशे मिंक निसटले."

"कोट नसेल तर पाटीही लागणार नाही. आणि नुसतं नाही म्हटलं असतं तर कारण सांगावं लागलं असतं," पद्मजा म्हणाली. "तिला कोट लपवायचा नव्हता हो. ती ओळ लपवायची होती."

मी व्यवहारी प्रश्न विचारला, की मग कोट आहे कुठे? ती एकटी बाई, गाडी चालवत नाही, घराबाहेर जाते ती फक्त आमच्याकडे.

तिनं कागदाची घडी उघडून माझ्यासमोर ठेवली. आत मंगळवारचे तीन केस होते, दोन लांब आणि चमकदार, एक आखूड आणि कापसासारखा मऊ.

"कुत्र्याचे नाहीत. असे केस मी सोमवारी तासभर बघत होते, पण तुम्ही तेव्हा तिथे नव्हता. आणि मंगळवारी स्वेटर धुतलेला होता." तिनं चष्मा काढला. "अहो, कोट तुमच्याकडे आहे."

५

चोरीचा आळ आयुष्यात पहिल्यांदाच येत होता, आणि तोही बायकोकडून. मग एकदम आठवलं.

मंगळवारी धक्क्यावरून येताना नोरीननं मला फाटकाशी थांबवलं होतं. हातात रंगीत कागदात बांधलेलं मोठं पुडकं. तुमच्यासाठी आहे रवी, ती म्हणाली, पण पुण्याला गेल्यावर उघडा. मला वाटलं, इथली लोकरीची जाड चादर असेल. मी छातीशी धरून आणलं आणि मुक्ताच्या वरच्या कपाटात, इथे कपाटाला प्रेस म्हणतात, तिथे मागच्या बाजूला सरकवलं.

आता ते कपाट काय आहे हे आपल्याकडच्या माणसाला सांगायला नको. आलेल्या भेटी न उघडता ठेवायचं आणि पुढच्या वास्तुशांतीला काढायचं कपाट. संकेतच्या लग्नातले दोन डिनर सेट पुण्याहून विमानानं येऊन तिथे अजून सीलबंद आहेत. देणाऱ्यासमोर भेट उघडायची नाही, हे आम्हाला लहानपणी मारून शिकवलेलं. आणि हे सगळं महिन्याभरापूर्वी चहा पिता पिता नोरीनला हसत हसत मीच सांगितलं होतं. आमच्या घरात एखादी वस्तू दहा वर्षं कोणी उघडणार नाही, अशी एकच जागा आहे म्हणून. ती हसली नव्हती. तिनं पुन्हा विचारलं होतं, खरंच कोणी उघडत नाही?

स्टूल घेऊन मी चढलो. इडलीपात्राच्या खोक्यामागे पुडकं होतं. चिकटपट्टीखाली कागदाच्या कडेला तसेच दोन तपकिरी केस अडकले होते. मी नखानं पट्टी उचकटायला लागलो, तर पद्मजानं माझ्या हातावर हात ठेवला.

"नको. आपल्याला पुण्यात उघडायला दिलंय."

"अगं, पोरीचा जीव टांगणीला लागलाय."

"म्हणूनच. आपण उघडलं तर चोरी सापडेल. तिनं उघडलं तर सगळंच सुटेल."

"आणि तिनं नाही उघडलं तर?"

पद्मजानं पुडकं माझ्या हातातून घेतलं आणि उचकटलेली पट्टी पुन्हा दाबून बसवली.

६

शनिवारी दहाला डेक्लन आला, बरोबर इफा होती. रेवतीही आली. येऊ नकोस असं मुक्तानं तिला सांगितलं होतं, पण ती म्हणाली, मी न येणं म्हणजे कबुली झाली. नोरीन खिडकीतल्या खुर्चीत, चांगला निळा झगा घालून बसली होती. डेक्लननं फोन हातात घेतला.

पद्मजानं पुडकं नोरीनच्या मांडीवर ठेवलं. तिचं इंग्रजी साधं, पण त्या दिवशी एकेक शब्द स्वच्छ होता. ती म्हणाली, हे तुम्ही आम्हाला घरी जाऊन उघडायला दिलंत. आमच्यात देणाऱ्यासमोर भेट उघडत नाहीत, म्हणून आम्ही उघडली नाही. आत काय आहे हे आम्ही कोणाला सांगितलं नाही आणि सांगणारही नाही. उघडायचं की नाही ते तुम्ही ठरवा.

नोरीननं रेवतीकडे पाहिलं. इतका वेळ पाहिलं की रेवतीनंच नजर खाली केली. मग म्हातारीच्या बोटांनी रिबीन सोडली.

कागद बाजूला झाला आणि खिडकीतला उजेड त्या फरवर पडला. मी तो कोट पहिल्यांदाच पाहत होतो. केस हलले आणि आतून गडद रंग वर आला, पुन्हा खाली गेला. जिवंत वाटलं मला, आणि मी खरंच एक पाऊल मागे सरकलो. इतकं सुंदर काही माणसानं केलंय आणि असं केलंय, हे दोन्ही एकदमच मनात आलं.

नोरीन बोलायला लागली. आवाज बारीक, पण मध्ये कुठे थांबली नाही.

ती तेरा वर्षांची होती. मिंकांना मासळीचे तुकडे रोज तीच घालायची. एक पांढऱ्या हनुवटीचा होता, तो तिचा पाय ओळखायचा. नोव्हेंबर संपत आला की कातडी काढायचा हंगाम. त्याच्या आदल्या दिवशी पहाटे ती गेली आणि एकेक करून सगळे पिंजरे उघडले. आयुष्यात केलेलं सर्वांत चांगलं काम, असं तिला वाटलं. न्याहारीला वडील म्हणाले, मार्टिननं दारं उघडी टाकली. मार्टिन तिथला गडी, दोन मुलांचा बाप. तिच्या तोंडात पावाचा घास होता. तिनं तो गिळला आणि गप्प बसली.

"मला वाटलं, त्याला उद्या दुसरीकडे काम मिळेल," ती म्हणाली. "पण ज्याच्या हातून सहाशे मिंक सुटले त्याला कोण ठेवणार? तो याच धक्क्यावरून बोटीनं इंग्लंडला गेला. परत आला नाही."

आणि तळं? तळ्यातल्या बेटावर टिटव्यांची वस्ती होती, आपल्या टिटवीच्याच कुळातल्या, डोक्यावर तुरा असलेल्या. तिसऱ्या वसंतात बेटावर एकही आवाज नव्हता. वडील म्हणाले, पक्षी यंदा दुसरीकडे गेले असतील. काय झालंय ते तिला माहीत होतं. तिनं दया केली होती आणि त्या दयेनं बेट खाल्लं होतं.

"परवा या खुर्चीत बसून मी ऐकलं, डेक्लन या मुलीला चोर म्हणतोय. मला बोलता आलं असतं. मी पुन्हा तो घास गिळला." तिनं रेवतीकडे हात केला. "साठ वर्षांत एवढंच शिकले मी. आता नाही. पिंजरे मी उघडले. कोटही मीच लपवला."

रेवती तिच्या खुर्चीशी खाली बसली. डेक्लननं फोन खिशात टाकला, दोनदा घसा साफ केला आणि रेवतीची माफी मागितली, सगळ्यांसमोर, तिचं पूर्ण नाव घेऊन. इफा आजीबाईकडे बघत होती. पिंजरे उघडणारी माणसं ही तिचीच माणसं, आणि त्यातली पहिली तिच्याच घरात निघाली होती.

त्याच दुपारी कोट मलिंगारला गेला आणि आम्हीही गेलो. पाटी बदलली होती. नोरीननं ती गाडीत मांडीवर पुठ्ठा घेऊन स्वतःच्या हातानं लिहिली, आणि लोक जमल्यावर रेवतीला मोठ्यानं वाचायला लावली.

"१९६३ साली या फार्मवरचे पिंजरे मालकाच्या मुलीनं, म्हणजे मी, उघडले. मार्टिननं नाही. हा कोट चोपन्न मिंकांचा आहे. बेटावर किती पक्षी होते ते आम्ही कधी मोजलं नाही."

परतताना रेवती आम्हाला नोरीनच्या वडिलांच्या फार्मजवळच्या त्याच तळ्यावर घेऊन गेली, तिचे काही तराफे तिथेच होते. संध्याकाळचे सात वाजले होते आणि ऊन अजून लख्ख होतं. काठाला बांधलेला तराफा तिनं ओढून घेतला, झाकण उचललं आणि नोरीनला जवळ बोलावलं. ओल्या मातीत एक नाजूक पाऊल उमटलं होतं, पाच बोटांचं, अंगठ्याच्या पेराएवढं. कालचंच. ते सहाशे कधीच मेले, पण त्यांची कितव्या पिढीतली कोण जाणे, पिल्लावळ अजून पोहत होती. मला त्या पावलापुढे वाकावंसं वाटलं.

नोरीन गुडघे टेकून त्याच्याकडे पाहत राहिली. मग तिनं विचारलं, आता इथे पिंजरा लावणार ना? रेवती हो म्हणाली. बेटावर यंदा टिटव्यांच्या चार जोड्या आल्या होत्या, कित्येक वर्षांनी पहिल्यांदा. एका जोडीची पिल्लं कालच अंड्यातून निघाली होती.

तेवढ्यात बेटावरून एक टिटवी उठली, आमच्या डोक्यावर घिरट्या घालत ओरडायला लागली. नोरीन उठून उभी राहिली, माझा हात घट्ट धरला, आणि आवाज थांबेपर्यंत मान वर करून ऐकत राहिली. मग तिनं रेवतीला सांगितलं, लाव पिंजरा, मी इथे थांबते. आणि रेवतीनं आत पिंजरा ठेवल्यावर तराफ्याचं झाकण तिनं स्वतःच्या हातानं बंद केलं.